हुंदक्याची संथा

या आत्मकथनाची आतापर्यंतची प्रकरणे माझ्या स्वतःच्या बालपणाची आणि पाठशाळेतील दिवसांची आहेत. हे प्रकरण मात्र माझ्या नातीच्या बालपणाचे आहे. वाढत्या वयाच्या पुस्तकात दुसऱ्याचे वाढणे कशाला, असे वाचकांस वाटेल. त्याचे कारण मी प्रामाणिकपणे सांगतो. माणूस देहाने विसाव्या वर्षापर्यंत वाढतो. परंतु आपण कोण आहोत हे ज्या दिवशी त्याला नीट दिसते, त्या दिवशी त्याचे वाढणे पुरे होते. माझे ते एकाहत्तराव्या वर्षी पुरे झाले. तेव्हा माझी नात रेवा बारा वर्षांची होती आणि आम्ही दोघे एकाच लाकडी चौकटीसारख्या दिसणाऱ्या खोट्या उंबरठ्यावर, प्रखर दिव्यांत, एकमेकांसमोर उभे होतो.

आमचे घर पुनावळ्यात, सातव्या मजल्यावर. चिंचवडच्या शाळेत संस्कृत शिकवून मी निवृत्त झालो आणि मुलाकडे, श्रीनिवासकडे राहावयास आलो. तो चाकणच्या एका कारखान्यात यंत्रांचे सुटे भाग तपासण्याचे काम करतो. त्याची सकाळची शिफ्ट असे तेव्हा घर पाचला जागे होई. आधी महामार्गावरच्या ट्रकांची घरघर, मग माझ्या पूजेतली घंटा, मग सूनबाईंच्या, वसुधेच्या, कुकरच्या शिट्ट्या, आणि सर्वांत शेवटी खाली कंपनीच्या बसचा कर्कश भोंगा. श्रीनिवास एका हाताने बूट चढवत दुसऱ्या हाताने थालीपीठाचा शेवटचा घास तोंडात टाकी आणि लिफ्टकडे धावे. तो गेला की घरात जी शांतता पसरे ती माझी आणि रेवेची. शाळेची वेळ होईतो अर्धा तास आम्ही देवघरासमोर बसत असू. तीच आमची संथेची वेळ.

ज्यांनी ही पद्धत पाहिली नसेल त्यांच्यासाठी सांगतो. गुरूने एक चरण एकदा म्हणावयाचा आणि शिष्याने तो दोनदा म्हणावयाचा. त्याच स्वरात, त्याच लयीत, श्वासही जेथे गुरूने घेतला तेथेच घ्यावयाचा. मांडी घातलेली, उजवा हात गुडघ्यावर, दृष्टी गुरूच्या ओठांवर. अर्थ विचारावयाचा नाही. अर्थ पुढे यथाकाल कळतो. मी असेच शिकलो आणि सुमारे चाळीस वर्षे असेच शिकवले. रेवेइतका अचूक शिष्य मला मिळाला नाही. एखाद्या चरणात माझा घसा थोडा खरखरला तर तीही नेमक्या त्याच अक्षरावर खरखरे, आणि मग आम्ही दोघे हसत असू. तिचा गळा देवाने सढळ हाताने दिलेला होता. पाचव्या वर्षापासून ती दर गुरुवारी माझ्याबरोबर कुरुळीच्या मंदिरात येई. तेथे मी पोथी वाची, आणि वाचन संपले की ती एक पद म्हणे. मी मांडीवर ताल धरीत असे. पहिल्या शिफ्टहून सुटलेले कामगार डबा शेजारी ठेवून ऐकत बसत.

त्या श्रोत्यांत महाळुंग्याचे बबनराव होते. एकेकाळी त्यांची स्वतःची जमीन होती. आता त्या जमिनीवर उभ्या असलेल्या कारखान्याच्या फाटकावर ते कंत्राटी पहारेकरी आहेत. खाकी गणवेश तसाच घालून ते मंदिरात येत आणि रेवेचे पद संपले की मोठ्याने म्हणत, "पोरीच्या गळ्यात साखर हाय, गुरुजी. मुंग्या लागतील!" रेवा लाजून माझ्या मागे लपे. प्रशंसा म्हणून तेवढी पुरेशी होती, असे मला आज वाटते. तेव्हा वाटले नाही, हे मान्य केले पाहिजे.

दूरचित्रवाणीवरील लहान मुलांच्या गायनस्पर्धेत रेवेची निवड झाली, ही बातमी वसुधेने मला देवघरापाशी येऊन दिली. तिचे हात पिठाचे होते आणि डोळे भरलेले. शाळेतल्या कोणी बाईंनी ध्वनिमुद्रण पाठवले होते. मी गंभीर चेहऱ्याने "ईश्वरेच्छा" म्हणालो. परंतु त्या दिवशी दुपारी मी कपाटातला रेशमी काठाचे उपरणे काढून उन्हात घातले होते, हेही येथे नोंदवतो. कारण पुढे जे घडले त्याचा सगळा दोष इतरांवर टाकून मला मोकळे होता येणार नाही.

आठवड्याने घरी चित्रीकरणाला मंडळी आली. सातआठ जण होते. पायांतली पादत्राणे न काढता ते थेट दिवाणखान्यात शिरले, आणि मागोमाग काळ्या पेट्या, तारा, छत्र्यांसारखे दिवे. त्यांची प्रमुख तन्वी नावाची पंचविशीतली मुलगी होती. कानाला यंत्र, हातात फळीला लावलेले कागद. बोलणे गोड, पण तिची नजर माणसावरून अशी फिरे की जणू वस्तू कोठे हलवावी याचा विचार चालला आहे. वसुधेने सर्वांसाठी साजूक तुपातला शिरा केला होता. नैवेद्य दाखवून मग देऊ, असे तिने ठरवले होते. मी वाटी देवासमोर ठेवून पाणी फिरवण्यास वळलो, तो दिवे धरणाऱ्या गृहस्थाने तीच वाटी उचलली आणि उभ्याउभ्या चमच्याने संपवली. "एकदम घरवाला टेस्ट," असे त्याने वर मला सांगितले. वाटीच्या जागी उरलेला तुपाचा गोल डाग मी कितीतरी वेळ पाहत होतो.

"आजोबा," तन्वी म्हणाली, "देव जरा बाल्कनीत शिफ्ट करूया का? इथे लाइट नाही येत."

"देव हलवत नाहीत, बाळा. त्यांची जागा ठरलेली असते."

"दोनच मिनिटं. परत ठेवतो ना लगेच."

दोन मिनिटांचे चार तास झाले. देवघर बाल्कनीत कपडे वाळत घालण्याच्या दोरीखाली गेले. मी पूजा करण्याचे नाटक केले. खरी पूजा सकाळीच झाली होती. निरांजन पेटवले, त्यांनी छायाचित्रण केले, मग "अजून एकदा" म्हणाले, आणि त्याच शिरा खाल्लेल्या गृहस्थाने पुढे वाकून, गाल फुगवून, तोंडाने फुंकर मारून ते निरांजन विझवले. आमच्याकडे दिवा फुंकून विझवत नाहीत. फुलाने शांत करतात, किंवा तो आपणहून मालवू देतात. एका दुपारी माझ्या देवासमोर पाच वेळा थुंकीमिश्रित श्वास गेला.

त्यानंतर तन्वी माझ्यासमोर सतरंजीवर बसली. "आजोबा, गाणं तर रेवाचं सुपरच आहे. पण आपल्याला तिची एक स्टोरी हवी. ऑडियन्सला कनेक्ट व्हायला पाहिजे."

मी सांगितले की मीच तिला शिकवले, सात वर्षे गुरुवारी मंदिरात ती गाते, घरात सर्वांचा पाठिंबा आहे.

"तेच ना," ती खिन्नपणे म्हणाली. "सगळं छानच आहे. कॉन्फ्लिक्टच नाही."

मग तिने कागदावरून वाचून दाखवले. आजोबा कर्मठ. मुलीने चारचौघांत गाऊ नये, असा त्यांचा हट्ट. नातीला गाण्याची बंदी. आजीने मात्र मरताना शेवटची इच्छा सांगितली की माझ्या नातीला गाऊ द्या. नात चोरून गायची. आज मंचावर आजोबांचे हृदयपरिवर्तन होणार.

माझी पत्नी गेली तेव्हा रेवा सहा महिन्यांची होती. गाण्याविषयी तिने मरताना अवाक्षर काढले नव्हते. मी तसे म्हटले. तेव्हा तन्वीने भिंतीवरच्या, पत्नीच्या चंदनहार घातलेल्या तसबिरीकडे पाहिले आणि मागे वळून सांगितले, "हा फोटो घ्या रे. रेवाच्या मांडीवर ठेवा. हार राहू दे, हारच पाहिजे."

"हे असत्य आहे," मी म्हणालो.

"आजोबा, असत्य नाही हो, थोडं ड्रॅमॅटाइज. सगळ्यांचं असंच असतं. आणि नाही जमलं तरी हरकत नाही, माझ्याकडे नांदेडची एक मुलगी आहे. तिचे बाबा आंधळे आहेत." थोडे थांबून ती पुटपुटली, "म्हणजे, जवळजवळ."

मी श्रीनिवासकडे पाहिले. तो जमिनीकडे पाहत होता. वसुधा ओठ चावत होती. रेवा दाराशी उभी राहून माझ्याकडे टक लावून पाहत होती; चरणाच्या आधी ओठांकडे पाहावे तशी. मी नाही म्हटले असते तर तिचे गाणे गेले नसते. फक्त तो मंच गेला असता. परंतु त्या क्षणी मला हा भेद दिसला नाही. दिसला नाही, की पाहावयाचा नव्हता? उन्हात घातलेले उपरणे मला आठवते. मी म्हणालो, "ठीक आहे."

मुंबईच्या त्या स्टुडिओत आम्ही सकाळी सातला पोहोचलो आणि दुपारपर्यंत एका थंडगार खोलीत प्लास्टिकच्या खुर्च्यांवर बसून राहिलो. आजूबाजूला बारा-पंधरा मुले. त्यांच्या गालांवर रंग, केसांवर फवारा. एका मुलीला ताप होता, तिची आई तिला गोळी देत होती आणि "ताप आहे हे सांगू का त्यांना? त्याचं काही करतील," असे नवऱ्याला विचारत होती. आपल्या लेकराच्या तापाची बाजारात काय किंमत येईल याचा विचार करणारी ती आई दुष्ट नव्हती. तिने मला आपल्या डब्यातली मेथीची पुरी दिली. मी ती खाऊ शकलो नाही.

पाय मोकळे करावेत म्हणून मी मार्गिकेत गेलो आणि वळणावर थबकलो. जमिनीवर तन्वी बसली होती. तिच्यासमोर रेवा, मांडी घालून, उजवा हात गुडघ्यावर, दृष्टी तन्वीच्या ओठांवर.

"आजी असती..." तन्वी म्हणाली, आणि तिने आवाज किंचित कापवला, "...तर आज इथे पुढच्या रांगेत बसली असती. 'रांगेत'वर श्वास तुटायला हवा. मग एक हुंदका."

रेवेने ते वाक्य म्हटले. श्वास 'रांगेत'वर तुटला. हुंदका आला. मग न सांगता तिने ते पुन्हा, दुसऱ्यांदा, म्हटले. तसेच.

"अरे वा! दोनदा कशाला म्हणतेस?" तन्वी हसली.

"तसंच म्हणायचं असतं," रेवा म्हणाली.

मी भिंतीला हात टेकला. बारा वर्षांच्या त्या मुलीने काहीच चुकीचे केले नव्हते. समोरच्याने दिले ते तिने निष्ठेने, अचूक स्वरात, अर्थ न विचारता घेतले. हे तिला कोणी शिकवले होते? मार्गिकेत उभे राहून, नाकात त्या जागेचा शिळ्या कॉफीचा आणि अत्तराचा वास घेत, मी माझीच पाठशाळा पाहत होतो. त्या मंडळींची मला किळस आली होतीच. त्या क्षणी ती वळून माझ्या अंगावर आली.

आणि तरीही मी मंचावर गेलो. तेथे थर्माकोलचा उंबरठा उभारला होता. आमच्या सातव्या मजल्यावर उंबरठा नाही. प्रेक्षकांना एक मनुष्य हात वर करून टाळ्या कधी वाजवावयाच्या, डोळे कधी पुसावयाचे, ते दाखवत होता. रेवेचे गाऊन झाल्यावर माझ्या पत्नीची तसबीर छातीशी धरून तिने ते वाक्य म्हटले. परीक्षकबाईंनी कोरड्या डोळ्यांना कागदी रुमाल लावला. मला पुढे ढकलण्यात आले. मी हात जोडून, ठरल्याप्रमाणे, म्हणालो, "मी चुकलो, बाळा. आजपासून तू गा." सभागृह उठून उभे राहिले. माझ्या डोळ्यांतून खरेच पाणी आले, आणि त्या पाण्याचेही त्यांनी चित्र घेतले.

कसला तरी बिघाड झाला म्हणून सगळे पुन्हा झाले, आणि मग तिसऱ्यांदा. तिन्ही वेळा रेवेचा श्वास 'रांगेत'वर तुटला. तिन्ही वेळा हुंदका त्याच उंचीवर चढून त्याच ठिकाणी उतरला. "काय मुलगी आहे!" तन्वी कोणाला तरी सांगत होती, "तीन टेक, तीनही सेम टू सेम!"

तो भाग प्रसारित झाला तेव्हा आमच्या सोसायटीने क्लबहाउसात मोठा पडदा लावला. बायका रडल्या. नंतरचे कित्येक दिवस लिफ्टमध्ये लोक मला नमस्कार करीत. "आजोबा, वेळेवर डोळे उघडले तुमचे, फार बरं झालं," असे एका अभियंत्याने सांगितले. पुनावळ्याच्या चौकात फलक लागला, त्यावर हात जोडलेला मी, अश्रूंसह. आरंभी मी लोकांना म्हणत असे की तसे काही नव्हते, मीच तिला शिकवले. ते हसून म्हणत, "किती विनय!" सत्य सांगूनही ते विनयात जमा होते, हा अनुभव मला नवा होता. हळूहळू मी सांगणे सोडले.

गुरुवारी कुरुळीला मी एकटाच गेलो. रेवेला आता सरावाला मुंबईस नेत. वाचन संपले, मंडळी पांगली. बबनराव टोपी मांडीवर ठेवून बसून राहिले.

"गुरुजी, एक इचारू का? राग नगा मानू."

"विचारा."

"ही पोर पाच वर्साची व्हती तवापासनं आमी हितं तिचं गानं ऐकतोय. ताल तुमीच धरत व्हता. मग तिला बंदी कवा घातली वो तुमी?"

"नव्हती घातली. त्यांनी तसे म्हणावयास सांगितले."

"आन् तुमी म्हनलं?"

"होय."

त्यांनी टोपीवरची धूळ झटकली. "न्हाई, म्हंजी आमी बी म्हनतो. सायेब म्हनला रात हाय, तर आमी म्हनतो व्हय सायेब, चांदन्या बी दिसाया लागल्या." ते हसले, आणि मग हसू आवरून उठले. "पन आमी पडलो कंत्राटी, गुरुजी. तुमी तर देवाकडं परमनंट."

इतकेच बोलून ते मोटारसायकलवर बसून गेले. मला आयुष्यात पंडितांनी पुष्कळ दोष दाखवले. इतक्या खोल कोणताच गेला नाही.

चौथ्या आठवड्यात रेवा बाहेर पडली. तेथे गाण्याला गुण नव्हते, मते होती, आणि तोवर लोकांना आमच्या गोष्टीचा कंटाळा आला होता. नांदेडच्या मुलीचे वडील पूर्ण आंधळे झाले होते. घरी आली तेव्हा रेवा रडली नाही. मेतकूटभात खाल्ला, ताट उचलले आणि झोपली. फलक महिनाभर तसाच होता. मग त्याच्यावर एका क्लासची जाहिरात चिकटली आणि माझे जोडलेले हात तेवढे खाली उरले. रेवा गुरुवारी येईना, सकाळी संथेला बसेना. वसुधा म्हणे, "राहू दे बाबा, थकली आहे." मी एकटाच म्हणत असे. दोनदा म्हणणारे कोणी नसले की चरण किती लवकर संपतो!

आज रेवा एकोणीस वर्षांची आहे. कोणी त्या कार्यक्रमाचा विषय काढला तर ती शांतपणे उठून पाणी आणावयास जाते. ती गाते, कोठे, ते येथे सांगत नाही, कारण तेथे दिवे नाहीत आणि तसेच राहावे अशी तिची इच्छा आहे. परंतु मला ज्या सकाळविषयी लिहावयाचे होते ती त्या कार्यक्रमाच्याच वर्षीची, थंडीतली.

कंपनीची बस नुकतीच गेली होती. मी निरांजन लावून बसलो होतो, तोच रेवा आली. शाळेचा गणवेश घातलेला, वेणी अर्धी. काही न बोलता समोर बसली. मांडी घातली, उजवा हात गुडघ्यावर. मला फार आनंद झाला. मी जुन्या स्तोत्रातला एक सोपा चरण म्हटला. त्याचा आशय एवढाच, की देवा, तुझ्यावाचून मला दुसरा आधार नाही.

ती म्हणाली नाही. मी थांबलो. माझ्या आयुष्यात, गुरूपुढे असताना वा शिष्यांपुढे, त्या जागी शांतता कधी आली नव्हती.

"आजोबा," ती म्हणाली, "हे खरं आहे, की नुसतं म्हणायचं आहे?"

या चरणाचा अन्वय, व्याकरण, भाष्य, सगळे मला पाठ होते. या प्रश्नाचे उत्तर कोणत्याही भाष्यात नव्हते. आणि जे मुख मंचावर तीनदा असत्य बोलले, त्या मुखाने ते देण्याचा अधिकारही उरला नव्हता. मी निरांजन थोडे बाजूला सरकवले.

"आधी दुसरे सांगतो," मी म्हणालो. "मी तुला गाण्याची बंदी कधीही घातली नव्हती. तेथे मी खोटे बोललो. कोणी बळजबरी केली नाही. मला ते दिवे हवे होते."

तिने विचारले, "आणि आजी? ती खरंच काय म्हणाली होती शेवटी?"

बारा वर्षांत हे मला कोणी विचारले नव्हते. "संध्याकाळची वेळ होती," मी म्हणालो. "तिने डोळे उघडले, स्वयंपाकघराकडे पाहिले आणि म्हणाली, 'अहो, दूध झाकलंत का?' मी हो म्हणालो. मग काही बोलली नाही."

"झाकलं होतं?"

"नव्हते."

रेवा हसली. हसता हसता तिचा चेहरा वाकडा झाला आणि ती रडू लागली; त्या बाईसाठी, जिला तिने जाणतेपणी पाहिले नव्हते, आणि जिची तसबीर तिने तीन वेळा छातीशी धरली होती. मी तिच्या पाठीवर हात ठेवला. त्या दिवशी संथा झाली नाही. तिच्या नाकातून पाणी येत होते, श्वास भलत्याच ठिकाणी अडकत होता, मध्येच उचकी लागत होती. आणि त्यातले काहीही तिला दुसऱ्यांदा तसेच म्हणता आले नसते.